पैसे घ्या, पण खालची ओळ द्या

इस्तंबूलमधल्या एखाद्या माणसाला रात्री जेवणानंतर परदेशी चित्रपट चोरून पाहायचा असेल, तर त्याला फारसे कष्ट पडत नाहीत. चित्रपटाचं नाव लिहायचं, पुढे ‘तुर्कचे आल्तयाझिली इझ्ले’, म्हणजे ‘तुर्की सबटायटलसह पाहा’, एवढे तीन शब्द जोडायचे आणि चहाचा पेला उचलायचा. पेला ओठाला लागेपर्यंत चित्रपट हजर. तोच चित्रपट, त्याच भाषेत, रीतसर पैसे मोजून पाहायचा म्हटलं तर मात्र पेल्याने भागत नाही, किटली लागते. सोबत तीन-चार पासवर्ड, एक क्रेडिट कार्ड आणि घरच्यांची भरपूर सहनशक्ती. या प्रकाराकडे नीतीच्या चष्म्यातून पाहायची तिथेही पद्धत आहे आणि इथेही. लोकांना फुकटाची चटक लागली, कलेची कदर राहिली नाही, कायद्याचा धाक उरला नाही, वगैरे. माझं म्हणणं असं की यात नीतीचा भाग थोडा आणि दुकानदारीचा फार आहे. गिऱ्हाईक पैसे हातात घेऊन उभं आहे, पण कुठल्या खिडकीवर जायचं ते त्याला कुणी सांगत नाही. बरं, शोधत शोधत ते एखाद्या खिडकीवर पोचलंच, तर तिथे चित्रपट असतो आणि खालची ओळ नसते. जिथे ओळ असते तिथून चित्रपट गेल्याच महिन्यात उठलेला असतो.

खिडक्या कमी आहेत असं मात्र नाही. नेटफ्लिक्स आहे, ॲमेझॉनचं प्राइम व्हिडिओ आहे, २०२२ च्या जूनपासून डिस्ने प्लस आहे. ब्लूटीव्ही नावाचं घरचं दुकान २०१६ साली निघालं. ते पुढे वॉर्नर ब्रदर्स डिस्कव्हरीने विकत घेतलं आणि २०२५ च्या एप्रिलमध्ये त्यावर ‘मॅक्स’ अशी पाटी लावली. गिऱ्हाइकांना ती पाठ होते न होते तोच तिची ‘एचबीओ मॅक्स’ झाली. टीव्हीच्या दुनियेतलं बडं प्रस्थ आजुन इलिजाली यांनी २०२१ च्या १ जानेवारीला एक्झेन सुरू केलं. सरकारी टीआरटी मागे का राहील? तिने २०२३ च्या मे महिन्यात ‘ताबी’ काढलं. चोखंदळांसाठी मुबी आहे, आणि ॲपल किंवा यूट्यूबकडून सुटा चित्रपट भाड्याने घेता येतो. यातला कुठला चित्रपट कुठे आहे हे सांगायला ‘जस्टवॉच’ नावाचं बर्लिनमधलं आणखी एक दुकान आहे आणि ते तुर्कस्तानचीही यादी ठेवतं. ते प्रामाणिकपणे सांगतं की अमुक चित्रपट तमुक ठिकाणी. खाली कुठल्या भाषेत अक्षरं उमटतील याची खात्री मात्र आत शिरल्यावरच, म्हणजे बहुधा पैसे भरल्यावरच होते. त्यात चित्रपटांची तुर्की नावं ठेवणाऱ्यांनी आपली भर घातली आहे. ‘गुड विल हंटिंग’ तिथे ‘जान दोस्तुम’ नावाने आला आणि ‘द इनटचेबल्स’ हा फ्रेंच चित्रपटही ‘जान दोस्तुम’ याच नावाने आला. बॉस्टनच्या गणिती पोराची गोष्ट पाहायला बसलेल्या कुटुंबासमोर पॅरिसचा चाकाच्या खुर्चीतला श्रीमंत येतो. कुटुंब समंजस असेल तर तोही चित्रपट आवडून घेतं.

हा घोळ का होतो ते कळायला या व्यापाराची घडण पाहावी लागते. चित्रपट विकला जातो देशावारी. एका देशाचे थिएटरचे हक्क एकाकडे, टीव्हीचे दुसऱ्याकडे, इंटरनेटचे तिसऱ्याकडे, आणि तेही मुदतीचे. सबटायटलची फाइल ही या सौद्यात बहुतेक वेळा निराळीच वस्तू असते. थिएटरसाठी वितरकाने भाषांतर करून घेतलं, पैसे त्याने मोजले, म्हणून ते त्याचं. मग टीव्हीवाला येतो आणि नव्याने करून घेतो. मग डीव्हीडीवाला, मग ओटीटीवाला. एकच खलनायक तुर्कीत चारदा चार तऱ्हांनी धमकी देतो आणि पाचव्या दुकानात मुका राहतो, कारण आधीच्या चारही धमक्या कुणाकुणाच्या कपाटात बंद असतात. भाषांतर झालेलंच नाही अशातला भाग नसतो. झालेलं असतं, पण चित्रपट ज्या गाडीने गावात आला त्या गाडीत त्याला चढवायचं कुणाच्या ध्यानात नसतं.

याचा सर्वांत ठळक दाखला नेटफ्लिक्सनेच दिला. ६ जानेवारी २०१६ या दिवशी कंपनीने एका झटक्यात १३० देशांत दुकान मांडलं. भारत त्यात होता, तुर्कस्तानही होता. टाळ्या वाजल्या. तुर्की माणसाने कार्ड काढलं, आत गेला आणि पाहतो तो दुकानात तुर्की कुठेच नाही. तुर्की मेनू, तुर्की सबटायटल आणि तुर्की आवाज यायला सप्टेंबर उजाडला. निसर्गाला अख्खा माणूस घडवायला जेवढा वेळ लागतो, साधारण तेवढाच कंपनीला खालची ओळ घडवायला लागला. साडेआठ कोटींचा देश, बहुतेकांची एकच भाषा, आणि तरी ती भाषा नंतर आठवायची गोष्ट ठरली. मराठी वाचकाने याला हसावं, पण बेताने. २०११ च्या जनगणनेत मराठी मातृभाषा सांगणारे ८ कोटी ३० लाख होते, म्हणजे जवळपास एक तुर्कस्तान. तिकडे निदान नवव्या महिन्यात पाळणा हलला. आपल्याकडे परदेशी चित्रपटाखाली मराठी ओळ अजून क्वचितच दिसते, आणि त्याबद्दल कुणी बारशाचं विचारतही नाही.

ही पोकळी तुर्कस्तानात फार आधीपासून होती आणि तिच्यात पहिल्यांदा शिरले ते चोरही नव्हते, नफेखोरही नव्हते. शिरले हौशी भाषांतरकार. २००० नंतरच्या दशकात विद्यार्थी, कारकून, रात्रपाळीचे अभियंते अशी मंडळी परदेशी चित्रपटांची आणि मालिकांची तुर्की सबटायटल बनवून इंटरनेटवर ठेवू लागली. मोबदला शून्य. पहिल्या ओळीत टोपणनाव आणि ‘मजेत पाहा’ अशी शुभेच्छा, एवढीच काय ती मिरवणूक. मालिकेचा भाग अमेरिकेत रात्री लागायचा आणि तुर्की मजकूर कधी कधी दुसऱ्याच दिवशी तयार असायचा. ज्या कामाला कंपन्यांना करार, बैठका आणि अंदाजपत्रक लागतं, ते काम परीक्षेचा अभ्यास टाळायला निमित्त शोधणारा एक पोरगा करून मोकळा व्हायचा. त्याच्या कामावर टीका करणारेही तयार असत, अमुक शिवी मवाळ झाली, तमुक विनोद निसटला, असं बजावणारे. फुकट जेवणात मीठ कमी असल्याची तक्रार करण्याचा हक्क जगात सगळीकडेच मान्य आहे.

या फाइलींचे स्वतःचे भोग होते. तुर्की लिपीत काही अक्षरं खास तिची आहेत. ती संगणकात बसावीत म्हणून १९८९ साली जी प्रमाण अक्षरतालिका ठरली, तिच्यात पश्चिम युरोपच्या तालिकेतली सहा आइसलँडिक अक्षरं काढून त्या जागी सहा तुर्की अक्षरं बसवली होती. परिणाम असा की संगणकाने चुकून जुनी तालिका धरली, तर तुर्की संवादात जागोजाग आइसलँडची अक्षरं उगवायची. अंकाराच्या घरात बसून न्यूयॉर्कचा गुंड पाहायचा आणि त्याने रेक्याविकच्या लिपीत गुरगुरायचं, असा तो त्रिस्थळी योग. दुसरा भोग वेगाचा. सिनेमा सेकंदाला सुमारे चोवीस चित्रांनी चालतो, युरोपच्या टीव्हीसाठी तो पंचवीसने चालवत. एकासाठी बनवलेली फाइल दुसऱ्याला लावली की दर मिनिटाला ओळ आणि ओठ यांच्यात थोडी फारकत होते आणि दोन तासांच्या चित्रपटात ती पाच मिनिटांच्या घरात जाते. रहस्यपटात हे भलतंच महाग पडतं. खुनी कोण ते खालची ओळ आधीच सांगून टाकते आणि वरचा इन्स्पेक्टर बिचारा अजून माळ्याची चौकशी करत असतो.

कायद्याच्या नजरेत हे हौशी पुण्यकर्म म्हणजे गुन्हाच. तुर्कस्तानचा कॉपीराइटचा कायदा १९५१ सालचा, क्रमांक ५८४६. त्यात भाषांतर म्हणजे मूळ कृतीवर केलेला संस्कार आणि तो प्रसिद्ध करायला मूळ मालकाची परवानगी लागते. तत्त्व म्हणून यात चूक काढता येणार नाही. संवाद लेखकाचे आहेत, ते कुणीही उचलून दुसऱ्या भाषेत वाटावेत असं म्हटलं, तर भाषांतराच्या धंद्याचंच कंबरडं मोडेल. स्वीडनमध्ये तर २०१३ च्या जुलैमध्ये पोलिसांनी एका सबटायटलच्या साइटवर छापा घालून तिचे सर्व्हर जप्त केले. तिथे चित्रपट ठेवलेलेच नव्हते, नुसती वाक्यं होती. कायदा बरोबर, छापाही कायद्याने बरोबर. फक्त एक गोष्ट नजरेआड होते. ज्या वस्तूची नक्कल केल्याबद्दल ही शिक्षा, ती अस्सल वस्तू त्या भाषेत अनेकदा बाजारात आलेलीच नसते. नकली नोट पकडायची, पण खरी नोट छापायचं राहून गेलंय, असा हा मामला.

हौशी मंडळींच्या मागोमाग अर्थातच खरे चोर आले. त्यांनी ही ओळ उचलली, चोरलेल्या चित्रपटाला चिकटवली आणि पान थाटलं. तिथला पाहुणचारही पाहण्यासारखा असतो. चित्रपट सुरू होण्याआधी सट्ट्याची जाहिरात, मध्ये सट्ट्याची जाहिरात, कोपऱ्यात चकाकणारी पट्टी, तीही सट्ट्याचीच. परवान्याशिवाय ऑनलाइन सट्टा चालवणं तुर्कस्तानात बेकायदा आहे. म्हणजे एक बेकायदा धंदा दुसऱ्याला पोसतो आणि प्रेक्षक मध्ये बसून बर्गमनचा चित्रपट पाहतो. बटणावर टिचकी मारावी तर चित्रपटाऐवजी नवी खिडकी उघडते, ती बंद करावी तर तिचं भावंड येतं. सरकार २००७ च्या ५६५१ क्रमांकाच्या कायद्याखाली पत्ता बंद करतं, साइट नावापुढे एक आकडा वाढवून दुसऱ्या दारातून येते. या आकड्यांचा हिशोब गिऱ्हाइकं तोंडपाठ ठेवतात, आणि ठेवणारच. २०१४ च्या मार्चमध्ये ट्विटर बंद झालं तेव्हा इस्तंबूलच्या भिंतींवर लोकांनी रंगाने ८.८.८.८ लिहून ठेवलं होतं. ती घोषणा नव्हती, बंदीला वळसा घालायचा गुगलच्या सर्व्हरचा पत्ता होता. विकिपीडिया तर २०१७ च्या एप्रिलपासून २०२० च्या जानेवारीपर्यंत बंद होता. ज्या देशात ज्ञानकोश वाचायलासुद्धा मागच्या दाराने जावं लागत होतं, तिथे मागचं दार पाप आहे हे कुणाला पटवायचं म्हणजे वक्त्याची कसोटीच. आणि नीतिवाद्यांच्या नजरेतून एक मुद्दा सुटतो. चोरवाट आरामाची नाही. तिच्यावर काटे आहेत, धूळ आहे, सट्टेवाले आहेत. एवढं सोसून माणूस तिकडे जात असेल, तर राजमार्गाची काय अवस्था असेल याचा विचार व्हायला हवा.

यावर पहिला आक्षेप ठरलेला. राजमार्ग गुळगुळीत करून दिला तरी हे लोक पैसे देणार नाहीत. याला उत्तर तुर्कस्तानच्याच इतिहासात आहे. सीएनबीसी-ई नावाची वाहिनी २००० साली सुरू झाली. दिवसा शेअरबाजाराचे आकडे आणि संध्याकाळी अमेरिकन मालिका व चित्रपट, मूळ आवाजात, खाली तुर्की. दिवसा ज्यांचे पैसे बुडाले त्यांना रात्री करमणूक, अशी काहीशी योजना असावी. २०१५ साली ती बंद झाली तेव्हा तिच्यासाठी हळहळणारी एक पिढीच तयार झालेली होती. खालची ओळ वाचत चित्रपट पाहायची गोडी तिला याच कायदेशीर वाहिनीने लावली. दुसरा दाखला मुबीचा. तिचे संस्थापक एफे चाकारेल तुर्की. टोकियोच्या एका कॅफेत बसले असताना त्यांना वाँग कार-वाईचा ‘इन द मूड फॉर लव्ह’ पाहायची इच्छा झाली आणि तो इंटरनेटवर रीतसर कुठेच मिळेना, म्हणून २००७ साली त्यांनी स्वतःच दुकान काढलं, असं ते सांगत आले आहेत. हा झाला सुशिक्षित, उद्योजक, खिशात पैसे असलेला तुर्की प्रेक्षक. कायदेशीर चित्रपट पाहण्यासाठी याला कंपनी स्थापन करावी लागली. प्रत्येकाकडून एवढ्या सज्जनपणाची अपेक्षा ठेवणं जरा जास्त होतं.

दुसरा आक्षेप मानभावी असतो. सबटायटल कशाला, डबिंग घ्या की! आणि खरंच, तुर्कस्तानात डबिंगची परंपरा अशी भरजरी आहे की तिच्यापुढे टोपी काढावी. तिचा मूळपुरुष फर्दी तायफुर. लॉरेल आणि हार्डी या दोघांना त्याने एकट्याने आवाज दिला आणि दोघांनाही परदेशी हेल काढत मोडकं तुर्की बोलायला लावलं. मार्क्स बंधूंमधल्या ग्रुचोला त्याने अर्शाक पालाबियिक्यान असं नाव देऊन इस्तंबूलचा अर्मेनियन करून टाकलं. आडनावाच्या अर्थातच झुपकेदार मिशी होती, ग्रुचोच्या ओठावरही होती, मग अडचण कसली? थोर कवी नाझिम हिकमत यांनीसुद्धा इपेक फिल्मच्या स्टुडिओत डबिंगचं काम केलं. महाकवी दुसऱ्याच्या ओठांच्या मापाने वाक्यं कापतोय, हे दृश्य कुठल्याही साहित्य संमेलनाच्या अध्यक्षाने डोळ्यांसमोर आणावं. पण हे सारं वैभव मान्य करूनही मूळ मागणी तिथेच राहते. अर्शाक ही फर्दी तायफुरची निर्मिती होती. ज्याला ग्रुचो ऐकायचा आहे त्याच्या हाती अर्शाक देऊन ‘हाही छानच आहे’ म्हणणं, हे छान असलं तरी उत्तर नव्हे. शिवाय ज्याला ऐकूच येत नाही त्याच्यासाठी जगातलं सर्वोत्तम डबिंगही बिनकामाचं. त्याला खालची ओळ लागते, आणि ती तुर्की चित्रपटाखालीही लागते. हा प्रेक्षक ‘डबिंग की सबटायटल’ या तिथल्या अखंड भांडणात दोन्ही बाजूंना आठवत नाही.

‘इंग्रजी शिका’ हा तिसरा सल्ला फार वेळ घेण्याच्या लायकीचा नाही. चित्रपट काही सगळे इंग्रजीत बनत नाहीत. पन्नासच्या दशकात राज कपूरचा ‘आवारा’ तिथे तुफान चालला. अलीकडे ‘थ्री इडियट्स’ने तिथल्या तरुणांना वेड लावलं, आणि २०२० साली आमिर खान चित्रीकरणासाठी गेला तेव्हा राष्ट्राध्यक्षांच्या पत्नी एमिने एर्दोआन त्याला भेटल्या. हे प्रेम इंग्रजीच्या शिकवणीतून उगवलेलं नाही. उलट बाजूनेही तेच. ‘फेरिहा’ आणि ‘फातमागुल’ या तुर्की मालिका २०१५ च्या सुमारास भारतात हिंदी आवाजात लागल्या आणि मराठी घरांतल्या दुपारी बॉस्फरसच्या काठावर गेल्या. तेव्हा कुणी आपल्या मावशीला ‘आधी तुर्की शिक’ असं सांगितलं नव्हतं, आणि सांगण्याची कुणाची छातीही नव्हती.

चौथा आक्षेप खरा वजनदार. आता सगळं कायदेशीर मिळतं, जुनी रडगाणी कशाला? मिळतं हे निम्मं खरं आहे. पण ‘कायदेशीर’ या शब्दाला तिथे आणखी एक मालक आहे. २०१९ च्या ऑगस्टपासून ऑनलाइन व्हिडिओ सेवांनाही रेडिओ-टीव्हीच्या सर्वोच्च मंडळाचा परवाना लागतो. हे मंडळ तिथे ‘रत्यूक’ या नावाने ओळखलं जातं आणि ते नाव घेताना दूरचित्रवाणीतली माणसं आवाज थोडा खाली आणतात. परवाना आला की नजरही येते. २०२३ साली डिस्ने प्लसने तुर्कस्तानचे राष्ट्रपिता अतातुर्क यांच्यावरची स्वतःचीच मालिका आपल्या मंचावर न दाखवायचं ठरवलं. त्यावर गदारोळ झाला, अर्मेनियन गटांच्या दबावाचे आरोप झाले, मंडळाने चौकशी लावली आणि अतातुर्क अखेर चित्रपटगृहात आणि साध्या टीव्हीवर अवतरले. तुर्कस्तानात खुद्द अतातुर्कांना आपली वाट शोधावी लागते, तिथे कोरियन रहस्यपटाची काय कथा? २०२४ च्या नोव्हेंबरात मुबीने इस्तंबूलमध्ये महोत्सव भरवला, तर काडिकॉयच्या उपजिल्हाधिकाऱ्यांनी लुका ग्वादानीनोच्या ‘क्विअर’ या उद्घाटनाच्या चित्रपटावर बंदी घातली. मुबीने मग अख्खा महोत्सवच रद्द केला. परवाना, तिकिटं, भाषांतर, सगळं रीतसर असूनही त्या रात्री प्रेक्षकाला कायद्याने घरी पाठवलं.

पैशाचा मुद्दा मी मुद्दाम मागे ठेवला, कारण सगळेजण तो पुढे ठेवतात. २०२० साली ॲमेझॉन प्राइम तुर्कस्तानात आलं ते महिना ७ लिरा ९० कुरुश या भावाने, त्या वेळच्या हिशोबाने साधारण एक डॉलर. पुढे २०२२ च्या ऑक्टोबरमध्ये महागाईचा वार्षिक दर ८५ टक्क्यांच्या वर गेला आणि सगळ्याच दुकानांनी भाव वाढवले. सहा दुकानांचा वर्गणीदार होणं पगारदाराला परवडणारं नाही, हे मान्य. पण या लिराच्या घसरणीने एक अजब वाहतूक सुरू केली. तुर्कस्तानातले भाव डॉलरच्या मानाने स्वस्त पडतात असं दिसताच जगभरचे हुशार लोक व्हीपीएन लावून, आपण इस्तंबूललाच राहतो असं भासवत, तिथल्या भावात वर्गण्या घेऊ लागले. खेळ विकणाऱ्या स्टीमने तर २०२३ च्या नोव्हेंबरमध्ये तुर्की लिरा बंद करून भाव डॉलरात लावले. आणि त्याच वेळी तुर्की माणूस व्हीपीएन लावून बाहेर पडत होता, कारण त्याला हवा तो चित्रपट तुर्कस्तानच्या यादीत नव्हता. एकाच दारातून परके स्वस्त भाव घ्यायला आत आणि घरचे चित्रपट शोधायला बाहेर. बाहेर गेलेल्याला तो चित्रपट सापडतोही. खाली जर्मन अक्षरं असतात.

जर्मनीत खरोखर राहणाऱ्या, तुर्की मुळाच्या सुमारे तीस लाख माणसांचं दुखणं हेच आहे. बर्लिनच्या क्रॉइझबर्गमधली आजी पैसे भरते, कायदा पाळते आणि यादीत तुर्की शोधत बसते. नेटफ्लिक्सवर तर वर्षानुवर्षं असा प्रकार होता की एखाद्या चित्रपटाला तीस भाषांतली सबटायटल असली तरी प्रेक्षकाला दिसायच्या पाच-सात, त्याही तो कुठे राहतो आणि प्रोफाइलची भाषा कुठली लावतो यावरून निवडलेल्या. तुर्की फाइल कंपनीच्याच सर्व्हरवर, कंपनीच्याच पैशाने बनवलेली, आणि आजीला ती नाही, कारण तिच्या नातवाने प्रोफाइल जर्मनमध्ये लावलेलं. अखेर २०२५ च्या एप्रिलमध्ये कंपनीने जाहीर केलं की टीव्हीवरसुद्धा असतील त्या सगळ्या भाषा आता दिसतील. वरातीमागून घोडं आलं खरं, पण त्यामुळे माझं म्हणणं आयतंच सिद्ध झालं. माल गोदामात होता, फळीवर मांडायचा राहिला होता. आजीची नीतिमत्ता तर पहिल्यापासून जागेवर होती.

आता यंत्र आलं आहे, ते कुठलीही भाषा चुटकीसरशी तुर्कीत आणतं, मग ही चर्चाच संपली, असं म्हणणारे शेवटी उरतात. यंत्राचं भाषांतर सुधारलं आहे, पुढेही सुधारेल. पण यंत्राने भाषांतराची अडचण सोडवली, आणि भाषांतराची अडचण मुळात कधी नव्हतीच. ती विद्यार्थ्यांनी फुकटात आणि झोप मोडून केव्हाच सोडवली होती. अडचण होती ती हक्क, गोदाम आणि खिडकी यांच्या जुळणीची, आणि त्या तिघांच्या मध्ये अजून वकीलच बसलेले आहेत. त्यातल्या त्यात सुट्या भाड्याच्या दुकानांचं मला कौतुक वाटतं. ॲपलच्या पानावर कुठल्या भाषेत आवाज आणि कुठल्या भाषेत सबटायटल, ते पैसे भरण्याआधी खाली लिहिलेलं असतं, बिस्किटाच्या पुड्यावर मैदा किती ते लिहितात तसं. आणि ज्याला तेही भाडं जड जातं, त्याच्यासाठी सरकारी टीआरटी २ ही वाहिनी आहे. २०१९ साली ती पुन्हा सुरू झाली आणि जगभरचे चित्रपट मूळ आवाजात, तुर्की सबटायटलसह दाखवते. फुकट, रीतसर, सट्टेवाल्यांशिवाय. कुठला चित्रपट पाहायचा आणि किती वाजता, तेवढं मात्र सरकार सांगतं.